कलावंताचे चरित्र आणि पडदा



कलावंतावर चित्रपट काढायचा म्हणजे त्याचे जन्मगाव दाखवायचे, सत्काराचे हार दाखवायचे आणि चार थोरांच्या तोंडून गौरव वदवून घ्यायचा, ही आपल्याकडील रूढ रीत. ह्या रीतीने माणूस दिसतो. त्याची कला मात्र दिसत नाही. अरुण खोपकर ह्यांनी ही रीत सोडली, म्हणून त्यांचे कार्य मी आज आपणांपुढे ठेवीत आहे.

खोपकर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकले. मणी कौल ह्यांच्या १९७१ सालच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये ते कालिदास झाले. गुरुदत्तांवरील त्यांच्या मराठी ग्रंथाला राष्ट्रीय पुरस्कार लाभला. परंतु गल्ल्याच्या धंद्यात न शिरता त्यांनी लघुपटाची वाट धरली. भूपेन खक्कर, नलिनी मलानी, विवान सुंदरम, जहांगीर सबावाला हे चित्रकार आणि चार्ल्स कोरिया हे वास्तुकार त्यांचे विषय झाले.

ह्या मालिकेतील कवी म्हणजे नारायण सुर्वे. त्यांच्यावरील चित्रपटाचे नावच ‘नारायण गंगाराम सुर्वे’. बेवारस सापडलेले मूल ज्या गिरणी कामगाराने घरी नेऊन वाढविले, त्याचे नाव त्यात मधोमध उभे आहे. गिरणगावचा इतिहास वगळून ह्या कवीचे चरित्र सांगता येईल काय?

कोणी म्हणेल, असे चित्रपट थिएटरात लागत नाहीत, मग उपयोग काय? आक्षेप खरा आहे. परंतु खक्कर २००३ साली गेले, सुर्वे २०१० साली, सबावाला २०११ साली, कोरिया २०१५ साली. त्यांचा चेहरा, आवाज आणि विचार एकत्र पाहायचे तर ह्याच फितींकडे वळावे लागते.

आपल्या जिल्ह्याला हे नवे नाही. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१७ साली चित्रपट कसा तयार होतो हे दाखविणारा लघुपट काढला आणि त्यात ते स्वतः काम करताना दिसतात. त्यांच्या बहुतेक चित्रपटांच्या पूर्ण प्रती मात्र आज उरलेल्या नाहीत. जपले नाही तर चित्रफीतही माणसाइतकीच नश्वर आहे.

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. गोदाकाठच्या गावोगावी म्हातारे भजनी आहेत, मूर्तिकार आहेत. त्यांचे सत्कार अवश्य करा. पण त्याआधी त्यांचे हात काम करताना टिपून ठेवा आणि ते नीट जपा.