अंध बांधवांशी आपले वर्तन
(पांढऱ्या काठीच्या दिनानिमित्त ग्रामपंचायतीच्या सभागृहात दिलेले भाषण)



आज १५ ऑक्टोबर, पांढऱ्या काठीचा दिन. या निमित्ताने प्रथम माझीच एक चूक सांगतो. काही वर्षांपूर्वी म्हापशाच्या बाजारात एक अंध गृहस्थ रस्त्याच्या कडेला उभे होते. मी त्यांचा दंड धरला आणि रहदारीतून त्यांना पलीकडे नेले. पुण्य केल्याचे समाधान मनात होते. ते शांतपणे म्हणाले, "आपले आभार. पण मी तिथे बसची वाट पाहत होतो. मला परत नेऊन सोडाल का?" आम्ही परतलो तोवर बस निघून गेली होती.

विचारल्यावाचून केलेली मदत दुसऱ्याची कशी अडचण करते, हे मला त्या दिवशी उमगले.

म्हणून आधी आपले नाव सांगावे आणि मदत हवी का, ते विचारावे. हवी असल्यास त्यांना आपला हात कोपराच्या वर धरू द्यावा व आपण अर्धे पाऊल पुढे चालावे. त्यांना ढकलू नये, काठी ओढू नये. पायरी चढण्याची की उतरण्याची, ते सांगावे. निघून जातानाही सांगून जावे. नाहीतर तो माणूस रिकाम्या जागेशी बोलत राहतो. जेवावयास बोलाविल्यास डावीकडे चटणी-कोशिंबीर, उजवीकडे भाजी, एवढे सांगितले तरी पुरते.

अधिकारी बंधूंना एक विनंती. अंध नागरिक समोर असता "यांचे काय काम आहे?" असे सोबत्याला विचारू नये. दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांविषयीच्या २०१६ च्या कायद्याने त्यांची कायदेशीर क्षमता इतरांच्या बरोबरीची मानली आहे. ज्याचा अर्ज, त्याच्याशीच बोलावे. कागद संपूर्ण वाचून दाखवावा आणि सही करणाऱ्यापुढे अंगठ्यासाठी शाई सरकवू नये. पैसे परत देताना प्रत्येक नोट किती रुपयांची, ते सांगून हातात द्यावी.

शिक्षकांनी फळ्यावर लिहिताना प्रत्येक अक्षर व आकडा मोठ्याने उच्चारावा, म्हणजे अंध विद्यार्थी वर्गाच्या बरोबर राहील.

यांतील एकाही गोष्टीस खर्च नाही, की वरिष्ठांची मंजुरी लागत नाही. उद्या सकाळपासूनच त्या आचरणात आणू या, एवढे सांगून मी आपली रजा घेतो.

जय हिंद!