बालनटाचे पुढे काय होते?

गेल्या दिवाळीनंतरची गोष्ट. एके सायंकाळी आमच्या आळीतील एक गृहस्थ माझ्याकडे आले. एस.टी.त वाहकाची नोकरी करणारे हे गृहस्थ एके काळी माझ्याच वर्गात बसत असत. त्यांची नऊ वर्षांची मुलगी चौथीत शिकते. आमच्या सातारा जिल्ह्यात हल्ली दूरचित्रवाणीवरील मालिकांची चित्रीकरणे वरचेवर होत असतात. वाईचे घाट, मेणवलीचा वाडा आणि कृष्णाकाठची गावे छायालेखकांच्या मोठ्या आवडीची आहेत. अशाच एका मालिकेकरिता या मुलीची निवड झाली होती. बापाच्या चेहऱ्यावर आनंद होता आणि काळजीही होती. ते म्हणाले, "गुरुजी, पोरीला पाठवू का? आता सगळे कौतुक करतील, पण पुढं तिचं काय होईल?"

मी त्यांना म्हटले, "उद्या ये. आज माझ्यापाशी उत्तर नाही." त्या रात्री जे विचार मनात आले, तेच आज आपणापुढे मांडावे असे योजिले आहे.

मुलाने नट व्हावे ही गोष्ट आपल्या मुलखास नवी नाही. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीस 'सीतास्वयंवर' हा प्रयोग केला, तेव्हापासून कोवळ्या वयाची मुले रंगभूमीवर वावरत आली आहेत. स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनीच करावयाच्या असा त्या काळचा रिवाज असल्याने गोड गळ्याच्या व नाजूक अंगलटीच्या मुलांना नाटक मंडळ्यांतून मोठी मागणी असे. परंतु मुलाचा आवाज फुटला, ओठावर मिसरूड दिसू लागले, की मंडळीच्या मालकापुढे प्रश्न उभा राही, आणि त्याहून कठीण प्रश्न त्या मुलापुढे उभा राही. ज्या गुणांवर टाळ्या मिळाल्या, ते गुण निसर्गानेच परत नेलेले असत. आज नाटक मंडळ्या गेल्या, चित्रपट आले, दूरचित्रवाणी आली. पण हा प्रश्न जेथल्या तेथे आहे.

या प्रश्नाचे उत्तर एका माणसाने स्वतःच्या आयुष्याने दिले आहे. ते म्हणजे श्री. सचिन पिळगांवकर.

मी लहान असताना आमच्या वडिलांनी मला पुसेगावच्या यात्रेस नेले होते. तेथे तंबूत 'हा माझा मार्ग एकला' हा चित्रपट लागला होता. राजा परांजपे यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट १९६३ सालचा. त्यातील चिमुकला मुलगा पाहून तंबूतील बायाबापड्यांनी डोळ्यांस पदर लावले. मला मात्र त्याचा हेवा वाटला. तो मजहून दोन-तीन वर्षांनीच वडील. १९५७ साली मुंबईस जन्मलेला. आपण येथे मातीत बसून दुसऱ्याचे काम पाहावे, आणि याने पडद्यावर असावे, हा कुठला न्याय, असे माझ्या बालबुद्धीस वाटले.

पुढे हाच मुलगा हृषिकेश मुखर्जी यांच्या १९६७ सालच्या 'मझली दीदी' या हिंदी चित्रपटात मीनाकुमारींच्या बरोबर दिसला. शरच्चंद्रांच्या कथेवरील त्या चित्रपटात त्याने पोरक्या किशनचे काम केले. मीनाकुमारींनी आपणास उर्दू शिकविले, असे सचिन यांनी स्वतः सांगितले आहे. श्रोतेहो, ही गोष्ट आपण ध्यानात ठेवावी. पुढे तिचा उपयोग आहे.

त्यानंतर ते वय आले, ज्या वयात बालनट मुलगाही राहत नाही आणि पुरुषही होत नाही. पुष्कळांची गाडी तेथेच अडते. सचिन त्यातून पार पडले. १९७५ साली 'गीत गाता चल' या चित्रपटात ते नायक म्हणून आले, तेव्हा त्यांस अठरावे वर्ष लागले होते. त्याच वर्षी 'शोले'मध्ये इमामसाहेबांच्या मुलाची छोटीशी भूमिकाही त्यांनी केली. पुढे 'बालिका वधू', 'अंखियों के झरोखों से', 'नदिया के पार' हे चित्रपट आले. परंतु माझ्या मते खरा महत्त्वाचा टप्पा १९८२ सालचा. त्या वर्षी 'मायबाप' या मराठी चित्रपटाचे दिग्दर्शन त्यांनी केले. म्हणजे दुसऱ्याने बोलवावे आणि आपण जावे, या नटाच्या परावलंबनातून ते बाहेर पडले. १९८८ सालचा 'अशी ही बनवाबनवी' तर आपल्या घराघरांतून पाठ आहे. त्यात त्यांनी लुगडे नेसून जी भूमिका वठविली, ती पाहताना सांगली-साताऱ्याच्या जुन्या प्रेक्षकास स्त्रीपार्टी नटांच्या परंपरेचे स्मरण झाल्यावाचून राहत नाही. पुढे १९९४ साली दूरचित्रवाणीवर सासूसुनेच्या भांडणाची 'तू तू मैं मैं' ही मालिका आली. तिचेही दिग्दर्शन त्यांचेच.

आता त्या उर्दूकडे वळू. २०१५ साली सुबोध भावे यांनी 'कट्यार काळजात घुसली' हा चित्रपट काढला. त्यात खाँसाहेबांची भूमिका सचिन यांनी केली. सदैव हसऱ्या चेहऱ्याच्या या नटाने मत्सराने जळणारा गवई उभा करावा, हे पुष्कळांस नवल वाटले. पण ती अदब आणि उर्दूची ती सफाई काही एका रात्रीत आलेली नव्हती. अर्धशतकापूर्वी एका मुलाने चित्रीकरणाच्या फावल्या वेळात एका थोर अभिनेत्रीपाशी बसून जे शिकून घेतले, त्याचे पीक साठीच्या उंबरठ्यावर हाती आले.

येथे आणखी एक योग सांगण्याजोगा आहे. १९६७ साली 'कट्यार' प्रथम रंगभूमीवर आले, तेव्हा खाँसाहेबांची भूमिका पंडित वसंतराव देशपांडे यांनी अजरामर केली. हे वसंतरावही बालनटच! भालजी पेंढारकरांच्या १९३५ सालच्या 'कालियामर्दन' या चित्रपटात त्यांनी बाळकृष्णाचे काम केले होते. त्या कौतुकावर ते थांबले नाहीत; वर्षानुवर्षे अनेक गुरूंपाशी गाणे शिकत राहिले. चित्रपटात खाँसाहेबांच्या तोंडी जो स्वर आहे, तो त्यांच्याच नातवाचा, श्री. राहुल देशपांडे यांचा. एकाच भूमिकेपाशी दोन बालनटांच्या वाटा येऊन मिळाल्या, आणि दोघांनाही तेथवर पोहोचविले ते शिकण्याने.

अर्थात प्रत्येक बालनटाने नटच राहावे असे नाही. १९५३ साली आचार्य अत्रे यांच्या 'श्यामची आई' या चित्रपटात श्याम झालेले माधव वझे पुढे इंग्रजीचे प्राध्यापक झाले व नाट्यसमीक्षक म्हणून नावाजले. लताबाई मंगेशकरांचे बालपण आमच्या सांगलीत गेले. १९४२ साली मास्टर दीनानाथ निवर्तले, तेव्हा त्यांस जेमतेम बारा वर्षे पुरी झाली होती. घर चालविण्याकरिता त्यांनी 'पहिली मंगळागौर', 'माझे बाळ', 'गजाभाऊ' अशा चित्रपटांतून कामे केली. पण तोंडाला रंग लावणे त्यांच्या मनास कधी रुचले नाही. त्यांची वाट गळ्याची होती. ती त्यांनी धरली आणि पुढचा इतिहास आपणांस ठाऊकच आहे. तात्पर्य, बालपणीचे काम हे एक दार आहे. त्यातून आत कोठे जावयाचे, हे ज्याच्या त्याच्या शिक्षणावर ठरते.

दुसऱ्यांच्या गोष्टी सांगितल्या. आता स्वतःची एक चूक सांगतो. सुमारे तीस वर्षांपूर्वी माझ्या वर्गातील एका मुलाची चित्रपटात एका लहानशा कामासाठी निवड झाली. मला अभिमान वाटला. तो दोन महिने वर्गात आला नाही. मी हजेरीपटावर त्याची हजेरी मांडीत गेलो. परत आल्यावर गावाने सत्कार केला, त्याचा अध्यक्षही मीच. त्यानंतर तो मुलगा रोज पोस्टमनची वाट पाहू लागला. आवाज बदलला, उंची वाढली, बोलावणे आले नाही. मागे पडलेला अभ्यास पुन्हा हाती लागला नाही आणि नववीतच त्याने शाळा सोडली. आज तो मालमोटार चालवितो, कष्टाचे खातो. त्यात कमीपणा काहीच नाही. पण एकदा कराडच्या स्थानकावर भेटला तेव्हा म्हणाला, "गुरुजी, तुम्ही तेव्हा मला दटावून वर्गात बसवायला पायजे होतं." मला उत्तर सुचले नाही. सर्व गावाने टाळ्या वाजविल्या तरी एकाने तरी पाढे विचारावयास हवे होते, आणि ते काम माझे होते.

त्या काळी वडीलधाऱ्यांच्या विवेकावरच सारे अवलंबून असे. आता सरकारने याकामी नियम केले आहेत. बालकामगारांविषयीच्या कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली व पुढील वर्षी नियम आले. त्यांप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढावी लागते. मुलास दिवसास पाच तासांहून अधिक, आणि विश्रांतीवाचून तीन तासांहून अधिक, कामास लावता येत नाही. सलग सत्तावीस दिवसांपलीकडे काम नको. शाळेच्या अभ्यासात खंड नको. पाच मुलांमागे एक जबाबदार माणूस हवा. मिळकतीचा किमान पाचवा हिस्सा मुलाच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदतठेव म्हणून ठेवावयाचा. आणि मुलाच्या इच्छेविरुद्ध त्यास काम करावयास लावता येत नाही. आईबापांनी हे नियम माहीत करून घ्यावेत व निर्मात्यास न भिता विचारावेत.

दुसऱ्या दिवशी ते गृहस्थ आले, तेव्हा मी प्रथम मुलीसच विचारले, "बाळ, तुला जावेसे वाटते का?" ती म्हणाली, "हो. पण आईपण पाहिजे." मी बापास म्हटले, "मग पाठव. परवानगीचा कागद स्वतः डोळ्यांनी पाहा. आई बरोबर असू दे. आणि दप्तर घरी ठेवू नको."

ती मुलगी वाईस गेली, अठरा दिवस काम करून परत आली. आता पुन्हा चौथीच्या वर्गात बसते. पुढे ती नटी होईल, डॉक्टर होईल की आणखी काही, हे मला सांगता येणार नाही. आल्यावर मी तिला पाटीवर भागाकार घातला. तो तिने बरोबर सोडविला.