मातीच्या बाहुल्या विकणाऱ्याचा मुलगा
(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेले भाषण)



मागे आपली सहल राणीच्या बागेत गेली होती, तेव्हा तिथले वस्तुसंग्रहालय पाहायला आपल्यापैकी पाच-सहा जणीच आत गेलो. बाकीच्या सावलीत भेळ खात बसल्या. त्यांना मी दोष देत नाही, ऊनच तसे होते. आत कपाटांतून मातीच्या लहान लहान मूर्ती मांडल्या आहेत. नाना जातींची आणि नाना धंद्यांची माणसे. आमच्याबरोबरच्या एका लहान मुलीने विचारले, "दारावर नाव लिहिलंय ते भाऊ दाजी लाड कोण?" मला धड उत्तर देता आले नाही. घरी येऊन वाचले, त्यातले थोडे आज सांगते.

भाऊंचे खरे नाव रामकृष्ण विठ्ठल लाड. घर मूळचे गोव्यातल्या मांद्रे गावचे, गरिबीचे. वडील मुंबईला येऊन मातीच्या बाहुल्या विकत. मुलगा बुद्धिबळात तरबेज होता. गव्हर्नर लॉर्ड क्लेअर यांनी त्याची ती हुशारी पाहिली आणि याला इंग्रजी शिकवा असे वडिलांना सुचवले, असे सांगतात. बाहुल्यांच्या मिळकतीत ते कसे जमवले असेल, हे आपल्यापैकी ज्यांनी काटकसरीचा संसार केला आहे त्यांना सांगायला नको.

भाऊ एल्फिन्स्टनमध्ये शिकले आणि तिथेच शिक्षक झाले. कच्छ-काठेवाडात मुली जन्मताच मारीत, त्या चालीवर निबंध लिहून त्यांनी बक्षीस मिळवले. 1845 साली ग्रँट मेडिकल कॉलेज निघाले, तेव्हा हातची नोकरी असूनही ते पुन्हा विद्यार्थी झाले. ते शिकत असतानाच शस्त्रक्रियेत क्लोरोफॉर्मने भूल देणे सुरू झाले. त्याआधी रोग्याला चौघांनी धरून ठेवायचे आणि सर्जनने घाईने कापायचे, अशीच शस्त्रक्रिया होई. 1851 साली पहिली तुकडी बाहेर पडली, अवघ्या आठ जणांची. त्यांत भाऊ होते. सब-असिस्टंट सर्जनची सरकारी जागा त्यांनी लवकरच सोडली, स्वतःचा व्यवसाय थाटला आणि गोरगरिबांसाठी धर्मार्थ दवाखाना उघडला. धाकटे बंधू नारायण हेही डॉक्टर होऊन त्यांच्या जोडीला आले.

पण मला सर्वांत विचारात पाडले ते 1862 सालच्या महाराज लायबल खटल्याने. एक धर्मगुरू भाविक स्त्रियांशी अनाचार करतात, असे करसनदास मूळजी या गुजराती संपादकाने छापले. महाराजांनी त्याच्यावर अब्रुनुकसानीचा दावा लावला. त्यांना कोणता गुप्तरोग झाला होता, हे भाऊंनी डॉक्टर या नात्याने कोर्टात शपथेवर सांगितले. आता, रोग्याचे गुपित डॉक्टरने फोडावे का? मी या प्रश्नाशी बरेच दिवस अडले आहे. माझ्या डॉक्टरांनी माझे काही असे चव्हाट्यावर मांडले, तर मला मुळीच खपणार नाही. पण त्या घरांतल्या लेकीसुनांना कोर्टात येऊन बोलण्याची सोय कुठे होती? त्यांच्या वतीने कोणी तरी बोलायला हवेच होते, आणि श्रीमंत रोगी तुटतील म्हणून भाऊ गप्प बसले नाहीत. करसनदास सुटले.

पुढे मानमरातब पुष्कळ मिळाले. मुंबई विद्यापीठाचे ते पहिल्या फेलोंपैकी एक. 1869 व 1871 साली दोनदा शहराचे शेरीफ. जुने शिलालेख आणि नाणी यांचे त्यांना वेडच होते. 1865 च्या शेअरबाजाराच्या पडझडीत त्यांचेही हात पोळले. एवढा शहाणा माणूस, पण तिथे फसलाच. मुलींच्या शाळांचा कैवार मात्र त्यांनी सोडला नाही. स्टुडंट्स सोसायटीने 1849 साली मुलींच्या शाळा काढल्या, त्याच संस्थेचे ते पुढे पहिले भारतीय अध्यक्ष झाले, आणि मित्रांनी फंड जमवून त्यांच्या नावे कन्याशाळा चालवली. 1874 च्या मेमध्ये ते वारले. राणीच्या बागेतले संग्रहालय उभारण्यात त्यांचा हात होता. त्याला 1975 साली त्यांचे नाव देण्यात आले.

परवा त्या मुलीला हे सारे सांगितले. तिने ऐकून घेतले आणि विचारले, "त्या आठांत मुली किती होत्या?" म्हटले, "एकही नाही. आपल्या आनंदीबाई जोशी डॉक्टर झाल्या त्या 1886 साली, आणि त्याही अमेरिकेला जाऊन." तिने बोटांवर हिशेब केला आणि म्हणाली, "म्हणजे पस्तीस वर्षं."