डॉक्टरीचे शिक्षण वाया जाते काय?



आपल्या समाजात मूल हुशार निघाले की घरात एकच स्वप्न पाहिले जाते : त्याने डॉक्टर व्हावे. स्वप्न चांगलेच आहे. त्यासाठी अम्मीचे दागिने गहाण पडतात, थोरला भाऊ शिक्षण सोडून नोकरी धरतो. मग डॉक्टर झालेला मुलगा किंवा मुलगी "मला माहितीपट काढायचे आहेत" म्हणू लागली, की "सारा खर्च पाण्यात गेला" हे उद्गार निघतात. ते खरे आहेत काय, याचा आज आपण विचार करू.

डॉ. जब्बार पटेल यांचे उदाहरण घ्या. जन्म १९४२ सालचा, पंढरपूरचा. पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात शिकून ते बालरोगतज्ज्ञ झाले. दौंडला व्यवसाय करीत असतानाच त्यांनी 'घाशीराम कोतवाल' हे नाटक, 'सामना', 'सिंहासन' हे चित्रपट दिग्दर्शित केले. पुढे गायक कुमार गंधर्वांवर 'हंस अकेला' हा माहितीपट केला. एका रात्रीत दवाखान्याला कुलूप लावून ते निघाले नव्हते, हे विद्यार्थ्यांनी ध्यानात घ्यावे.

फ्रान्सचे डॉ. जाँ कोमांदाँ उपदंशाच्या जंतूंचा अभ्यास करीत. १९०९ च्या सुमारास त्यांनी सूक्ष्मदर्शकाला कॅमेरा जोडून ते हलते जंतू चित्रित केले. पुढे क्षयरोगाबद्दल जनतेला सावध करणारे चित्रपटही काढले. त्यांची डॉक्टरीच त्यांना चित्रपटाकडे घेऊन गेली.

माहितीपटात नट नसतात, पाठ केलेले संवाद नसतात. खऱ्या माणसाला बोलते करावे लागते. रोग्याची हकीकत मध्ये न तोडता ऐकणे, न सांगितलेले ओळखणे, संमतीवाचून हात न लावणे आणि गुपित राखणे हे डॉक्टर शिकलेला असतो. कॅमेऱ्यामागेही हेच गुण लागतात. क्षयाचे औषध साधारण सहा महिने घ्यावे लागते, पण बरे वाटताच रोगी ते सोडतो. दवाखान्यात डॉक्टर हे एकेकाला समजावतो, माहितीपटातून तो साऱ्या मोहल्ल्याला समजावू शकतो.

मात्र विद्यार्थ्यांनो, या मार्गात ठरलेले उत्पन्न नाही. प्रथम पदवी आणि इंटर्नशिप पूर्ण करा, नोंदणी करून घ्या. अर्धवेळ रोगी तपासून घरखर्च भागवा, उरल्या वेळात कॅमेरा आणि संकलन शिका. १९६० साली स्थापन झालेल्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये चित्रपटाच्या पदव्युत्तर शिक्षणासाठी कोणत्याही शाखेचा पदवीधर अर्ज करू शकतो. डॉक्टरही पदवीधरच आहे.

पालकांनो, मुलाला नकार देण्यापूर्वी दोन प्रश्न विचारा : किती वर्षे देणार, आणि तोवर घर कसे चालणार? त्याच्यापाशी उत्तर असेल, तर त्याला आपली दुआ द्या. घरात भांडण होऊन तो निघून जाण्यापेक्षा आपल्या संमतीने जाणे केव्हाही बरे.