शिरोड्याचीं मिठागरें

कागलच्या पंचतारांकित एमआयडीसींतील कांहीं कामगार-कुटुंबांसमवेत आजरा-आंबोलीमार्गें एका दिवसाची सहल करून मी शिरोड्याचीं मिठागरें पाहून आलों. वाटाड्या गांवचाच, बोलका. बांध खचूं नये म्हणून त्यानें आम्हांस एका रांगेंत चालविलें.

भरतीचें पाणी आधीं कोंडून ठेवतात. समुद्राच्या लिटरभर पाण्यांत क्षार अवघे 35 ग्रॅम! उन्हावाऱ्यानें तें आटत जाईल तसें एका वाफ्यांतून दुसऱ्यांत सोडतात. शेवटच्या वाफ्यांत खडे धरतात. ते ओढणाऱ्यांच्या पायांकडे मात्र पाहवत नाहीं. अवकाळी सर आली कीं ती मेहनत पाण्यांत. फौंड्रीच्या भट्टीपुढें उभे राहणारे आमचे गडी येथें गप्प झाले.

1930 च्या मे महिन्यांत सत्याग्रह्यांनीं येथेंच मीठ उचललें व लाठ्या खाल्ल्या. तेव्हां वि. स. खांडेकर याच गांवीं शिक्षक होते. मिठावरील कर 1947 मध्यें गेला. पण देशाचें बहुतेक मीठ आतां गुजरातेंतून येतें, आणि त्या भावापुढें येथील आगर टिकविणें कठीण. सहलवाले अर्ध्या तासांत किनाऱ्याकडे घाई करतात, तें मला रुचलें नाहीं. मिठागरास सकाळचे दोन तास द्यावेत, आणि परततांना पिशवीभर जाडें मीठ तेथूनच विकत घ्यावें.