त्याचं नाव येऊ दे



मी आयुष्यभर माहितीपट केले, तेही करमणुकीच्या धंद्यावर. "सिनेमा काढा की, सिनेमावाल्यांवर कसले सिनेमे काढता?" असं लोक विचारत. मी त्यांना दादासाहेब फाळक्यांचा दाखला देई. 1913 मध्ये 'राजा हरिश्चंद्र' आला आणि 1917 मध्ये चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारी छोटी फिल्म फाळक्यांनीच केली. तिचे उरलेले तुकडे आजही बघता येतात. त्यात दादासाहेब स्वतः काम करताना दिसतात.

आपल्या सिंधुदुर्गात तर पडद्यामागचा हा विषय दारात उभा आहे. जत्रा सुरू झाल्या की दशावताराच्या कंपन्या गावोगाव निघतात. मालवणजवळच्या एका देवळामागे मी रात्रभर कॅमेरा लावून बसलो होतो. दिवसा काजूच्या बागेत राबलेला गडी आरशाच्या तुकड्यात बघून कपाळावर कुंकू रेखत होता. लुगडं सावरत तो पुढे गेला आणि हातात लिहिलेलं एक अक्षर नसताना द्रौपदीच्या तोंडून असं बोलला, की म्हाताऱ्या बायका डोळे पुसू लागल्या. पहाटे खोबरेल तेलानं रंग उतरवला, नाईट, म्हणजे रात्रीचं मानधन, मोजून घेतली आणि मला विचारलं, "माझां नाव येतलां मां?"

मी हो म्हटलं. फिल्म एका वाहिनीनं घेतली. खेळातला संकासुराचा नाच ठेवला, नाईटचं बोलणं कापलं आणि श्रेयनामावलीत अधिकाऱ्यांची नावं घातली. त्याचं नाव गाळलं. मी भांडलो, तेव्हा उत्तर मिळालं की पडद्यामागचं बघायला प्रेक्षक येत नाही. ते गाळलेलं नाव आजही माझ्या मनातून जात नाही.

प्रेक्षक येत नाही? गंगाराम गवाणकरांचं 'वस्त्रहरण' आठवा. गावातली मंडळी पौराणिक नाटक बसवतात, त्या धांदलीचंच ते नाटक. 1980 साली ते आलं आणि मच्छिंद्र कांबळींनी मालवणी बोलीत त्याचे हजारो प्रयोग केले. महाराष्ट्रातल्या तंबूतल्या सिनेमावर केलेला 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' हा माहितीपट 2016 मध्ये कान महोत्सवात गेला. लोकांना माणूस बघायचा असतो. दाखवणाऱ्यांची छाती कमी पडते.

आता कॅमेरा तुमच्या प्रत्येकाच्या खिशात आहे. दशावताराचे तुकडे रोज मोबाइलवर फिरतात, पण नाचणारा कोण, पखवाजावर कोण, कंपनी कुठली, काही कळत नाही. पन्नास वर्षांनी ते चित्रण हाती लागेल आणि त्यातला माणूस बेवारस असेल. चित्र राहिलं आणि नाव गेलं, तर त्या कलावंतावर आपण दुसऱ्यांदा अन्याय केला असं मी मानतो.

म्हणून एवढंच मागतो. येत्या जत्रेला जा. रंग उतरेपर्यंत थांबा. नाव, गाव, कंपनी आणि हातात पडलेली नाईट वहीत लिहून घ्या. तुमची फिल्म कुणीही विकत घेवो, त्या नावाला कात्री लावू देऊ नका.