आप्पा आणि कॅबरने

आजचा भाग थोडा वेगळा आहे. दर वेळी मी कोड, नोकरी, पुण्यातलं ट्रॅफिक असलं काहीतरी बोलतो. आज द्राक्षांबद्दल बोलणार आहे, आणि माझ्या वडिलांबद्दल. आम्ही त्यांना आप्पा म्हणतो. गाव तासगाव तालुक्यात. बाग अडीच एकर.

सुरुवात मात्र जपानपासून करावी लागेल. 2024 च्या नोव्हेंबरमध्ये कंपनीच्या कामासाठी मी तीन आठवडे ओसाकाला होतो. एका रविवारी क्योतोतल्या फुशिमीला गेलो. हा जुना साके बनवणाऱ्यांचा भाग. तिथं साके चाखण्याचा एक कार्यक्रम होता, सोबत एक बाई समजावून सांगायला. आठ जण, पाच छोटे पेले, आणि प्रत्येक पेल्यासोबत एक घास. कधी टोफू, कधी मुरवलेला मुळा, कधी भाजलेला मासा.

मला वाटलं होतं, दारूची चव घ्यायची आणि फोटो काढायचे. पण त्या बाईंनी आधी पेला दिलाच नाही. तीन काचेच्या नळ्या दिल्या. तिन्हीत तांदूळ. एकात साधा, दुसऱ्यात घासून साठ टक्के उरलेला, तिसऱ्यात निम्माच उरलेला, मोत्यासारखा गोल. निम्मा दाणा घासून टाकला की जी साके होते तिला दाइगिंजो म्हणतात. दाण्याच्या बाहेरच्या भागात स्निग्ध पदार्थ आणि प्रथिनं जास्त, त्यानं चव जड होते, म्हणून तो काढायचा.

आणि एक गोष्ट मला तिथं पहिल्यांदा कळली. द्राक्षात साखर असतेच, त्यामुळं यीस्ट थेट कामाला लागतं. तांदळात साखर नसते, पिष्ट असतं. म्हणून वाफवलेल्या तांदळावर कोजी नावाची बुरशी वाढवतात. ती पिष्टाची साखर करते आणि त्याच भांड्यात यीस्ट त्या साखरेचं अल्कोहोल करतं. दोन्ही कामं एकाच वेळी. आपल्या भाषेत सांगायचं तर दोन प्रोसेस पॅरलल चालतात. मी परत आलो त्याच्या पुढच्याच महिन्यात युनेस्कोनं ही पद्धत अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतली.

पण मला लागलं ते वेगळंच. बाटलीच्या लेबलवर तांदळाची जात छापलेली होती, यामादा निशिकी. कुठल्या भागात पिकला, तेही. मी ते लेबल हातात घेऊन बसलो आणि डोक्यात एकच. आप्पांनी तीस वर्षं द्राक्षं पिकवली, त्यांच्या मालावर त्यांचं नाव कधी कुठं आलं का?

आता थोडं मागे जातो, कारण आमच्या घरात ‘वाईन’ हा शब्द काढायचा नाही असा अलिखित नियम होता.

सरकारनं 2001 मध्ये द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचं धोरण आणलं. नाशिक जिल्ह्यात विंचूर आणि आपल्या सांगली जिल्ह्यात पलूस, अशा दोन ठिकाणी वाईन पार्क झाले. आमच्याकडं तोवर द्राक्ष म्हणजे खायचं नाहीतर बेदाण्याचं. थॉमसन, तास-ए-गणेश, सोनाका. वाईनची द्राक्षं नवीन होती. माझ्या काकांनी 2006 मध्ये एका वायनरीशी करार करून दीड एकर कॅबरने लावली. कर्जाला जामीन आप्पा.

दोन हंगाम बरे गेले. मग 2008 ची मंदी आली, वाईनचा खप पडला, राज्यात ठिकठिकाणी टाक्या भरलेल्या आणि माल घ्यायला कुणी नाही. काकांचा माल वेलीवरच राहिला. आता कुणी म्हणेल, बाजारात विकायचा. पण ती द्राक्षं खायची नसतातच. मणी बारीक, साल जाड, आत बिया. बाजारात कोण विचारणार? मी तेव्हा सातवीत होतो. एका सकाळी जेसीबी आला आणि बाग काढली, एवढं आठवतं. काका नंतर गाव सोडून भोसरीला एका कारखान्यात लागले. कर्ज आप्पांनी फेडलं, नऊ वर्षं. दोघा भावांचं बोलणं राहिलं ते लग्नकार्यापुरतं.

तर अशा माणसाला मी म्हणालो, “आप्पा, नाशिकला वाईन चाखायला जाऊ.”

आप्पा म्हणाले, “डोकं फिरलंय का रं तुझं?”

आईच मध्ये पडली. ती माळकरी आहे, दारूचा वाससुद्धा तिला चालत नाही. ती म्हणाली, “जावा की. ज्याच्यापायी एवढं सोसलं, ते नेमकं काय हाय ते तरी बघून या.”

मार्चअखेर, बेदाणा शेडवरून उतरला होता आणि खरड छाटणीला अजून वेळ होता, तेव्हा निघालो. मधे एक रात्र साताऱ्यात मामांकडं. मामींनी कंदी पेढ्याचा डबा दिला. आप्पांच्या पिशवीत भडंग आणि घरचा बेदाणा आधीच होता. तासगाव ते नाशिक चारशेच्या वर किलोमीटर. आप्पा गाडीत फार बोलले नाहीत. नारायणगावच्या पुढं बागा दिसल्या की फक्त “पानं पिवळी पडल्यात” नाहीतर “ओलांडा सरळ हाय” एवढंच.

मला खरं तर त्यांच्याशी दुसरंच बोलायचं होतं. ऑक्टोबर छाटणीनंतर पाऊस लागून राहिला, फुलोऱ्यात कूज झाली, डाऊनी आला, निम्मा माल गेला. मी एक्सेलमध्ये पाच वर्षांचा हिशोब मांडला होता आणि उत्तर सरळ होतं, बाग काढा. लॅपटॉप डिकीत होता. बोलायची हिंमत होत नव्हती.

वायनरीचं नाव सांगत नाही. आम्ही बारा जण होतो, बहुतेक मुंबईचे. आप्पा पांढऱ्या टोपीत. त्यांनी पेला चहाच्या कपासारखा दोन्ही हातांत धरला, तेव्हा पलीकडं कुणीतरी हसलं. मला राग आला. आप्पांचं तिकडं लक्ष नव्हतं. ते खिडकीतून वेली बघत होते.

सांगणारा मुलगा माझ्याच वयाचा. पहिली सोव्हिन्यों ब्लाँ. रंग बघा, पेला फिरवा, वास घ्या, मग घोट. तो म्हणाला, ढोबळी मिरचीचा, पेरूचा वास येईल. सोबत चीजचा तुकडा. आप्पांनी वास घेतला, चीज बाजूला ठेवलं आणि विचारलं, “साखर किती असताना तोडता?”

मुलगा म्हणाला, “बावीस-तेवीस ब्रिक्स, काका.”

“आणि जीए?”

आता तो गोंधळला. आप्पांनीच मग सगळ्यांना सांगितलं. खायच्या द्राक्षाला मणी फुगायला, लांब व्हायला जीएमध्ये घड बुडवतात. विरळणी करतात. एकसारखा टपोरा माल पाहिजे. वाईनला बरोबर उलटं. मणी बारीक हवा, म्हणजे रसाच्या मानानं साल जास्त, आणि लाल वाईनचा रंग, तुरटपणा सगळा सालीत. घडही वेलीवर कमी ठेवायचे, म्हणजे चव पातळ होत नाही. हे शेवटचं काकांनी त्यांना तेव्हा शिकवलं होतं, हे मला मागाहून कळलं. मघाशी हसलेला माणूस खुर्ची जवळ ओढून ऐकत होता.

आप्पांनी विचारलं, “एका बाटलीला किती द्राक्षं?”

“साधारण किलो-सव्वा किलो.”

आप्पांनी बाटलीवरची किंमत बघितली. काही बोलले नाहीत. आमच्याकडं एक किलो बेदाण्याला चार किलो द्राक्षं लागतात. हिशोब त्यांनी मनातच केला असणार. तो करायला त्यांना एक्सेल लागत नाही.

मग त्यांनी विचारलं, “ही द्राक्षं कुणाची?”

“आमच्या कराराच्या शेतकऱ्यांची, काका.”

“नाव काय त्यांचं?”

त्या मुलाला सांगता आलं नाही. त्याचा दोष नाही. त्याला ते कुणी सांगितलंच नव्हतं.

चौथा पेला लेट हार्वेस्ट शेनिन ब्लाँ. गोड वाईन. द्राक्षं वेलीवर जास्त दिवस ठेवून सुकत आली की तोडतात. आप्पांनी वास घेतला आणि पहिल्यांदा हसले. “आरं, ह्यो तर शेडचा वास.” बेदाण्याच्या शेडवर दहाव्या-बाराव्या दिवशी पडदा बाजूला केला की येतो तो. पिशवीतून त्यांनी बेदाणा काढला आणि टेबलावर ओतला. सगळ्यांनी वाईनसोबत खाल्ला. मी कंदी पेढे काढले. खरपूस खवा आणि ती वाईन, दोन्ही मिळून इतकं चांगलं लागलं की त्या मुलानं डब्याचा फोटो काढून घेतला. भडंगही संपलं, पण ते कुठल्याही वाईनसोबत संपलं असतं.

शेवटी आप्पा त्या मुलाला म्हणाले, “कॅबरने हाय का?”

ती त्या दिवसाच्या यादीत नव्हती. तो आत जाऊन घेऊन आला. आप्पांनी पेला फिरवला नाही, वासही घेतला नाही. एक घोट घेतला आणि बराच वेळ तोंडात धरला. आम्ही कुणीच बोललो नाही. मग पेला खाली ठेवून मला म्हणाले, “काकाला फोन लाव.”

लावला. स्पीकरवर नव्हता, पण काकांचा आवाज ऐकू येत होता. आप्पा म्हणाले, “नाशकात हाय. तुझ्या द्राक्षाची वाईन प्यालो.”

पलीकडं शांतता. मग काकांनी विचारलं, “कशी हाय?”

“तुरट हाय. मला काय कळत न्हाय त्यातलं. तू ये, तुला कळंल.”

एवढंच. दीड मिनिटाचा फोन.

परत येताना, खंबाटकी घाटाच्या अलीकडं, मी बागेचा विषय काढला. आप्पांना माहीत होतं. म्हणाले, “एक एकर काढू. ती जुनी हाय, काढायलाच पाहिजे. दीड ठेवायची. आणि तू त्या लॅपटॉपमधनं हिशोब करण्यापेक्षा छाटणीला ये.” वाईनची द्राक्षं लावूया का, असं मी विचारलं नाही. त्यांनीही नाही.

एप्रिलमध्ये खरड छाटणीला मी चार दिवस रजा टाकून गेलो. कात्री धरून हाताला फोड आले. दुसऱ्या दिवशी भोसरीहून काका आले. दोघं भाऊ वेगवेगळ्या ओळीत छाटत होते, पण एकाच वेगानं. दुपारी आईनं शेतातच भाकरी आणली. मी नाशिकहून आणलेली कॅबरनेची बाटली अजून कपाटात आहे, न उघडलेली. आईची अट आहे, ती घरात उघडायची नाही. त्यामुळं बहुतेक बागेतच उघडू.

चला, आज एवढंच. तुमच्या घरी असा कुठला शब्द काढायचा नसतो का, ते मला नक्की कळवा. भेटू पुढच्या भागात.